‘पंच’ नांवाचें पेय आणि वाग्भटाचें पंचसार पानक

इंग्रजांच्या मेजवान्यांतून ‘पंच’ नांवाचें एक मिश्र पेय फार दिवसांपासून प्रसिद्ध आहे. मद्य, आंबट फळांचा रस, साखर, पाणी आणि एखादें सुगंधी द्रव्य यांच्या मिश्रणानें तें होतें. उन्हाळ्यांत त्यांत फळांच्या फोडी व पुदिन्यासारखीं पानें घालून तें गार करून पितात. त्याचें नांव आपल्या ‘पंच’ या संख्यावाचक शब्दावरून पडलें, द्रव्यें पांच म्हणून पेय पंच, अशी व्युत्पत्ति कोशांतून दिलेली आढळते. इकडे आपल्या वैद्यक ग्रंथांत ‘पंचसार’ नांवाचें पांच द्रव्यांचें एक ग्रीष्मांतील पानक सांगितलें आहे. तेव्हां पंचसाराचेंच पुढें पंच झालें, असें म्हणण्याचा मोह संस्कृत जाणणारास सहज होतो. या म्हणण्यास आधार किती, आणि तो अपुरा पडल्यास दोन पेयांच्या तुलनेंतून दुसरें कांहीं हातीं लागतें कीं काय, याचा विचार प्रस्तुत लेखांत करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

१. शब्दाचा पुरावा

या शब्दाचा जो सर्वांत जुना लेखी उल्लेख दाखविला जातो, तो इ. स. १६३२ मधील आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरींतील रॉबर्ट अॅडम्स यानें पेटापोली येथील वखारींतल्या एका व्यापाऱ्यास पाठविलेल्या पत्रांत पंच पिण्याविषयीं एक ओझरतें वाक्य आहे. पेटापोली म्हणजे आंध्राच्या किनाऱ्यावरचें निझामपट्टण. पत्रांत शब्दाची फोड नाहीं, पेयाची कृति नाहीं. लिहिणारास व वाचणारास दोघांसहि शब्द परिचित होता, एवढेंच त्यावरून ठरतें. पण तें थोडें नव्हे.

दुसरा साक्षीदार मान्डेल्स्लो हा जर्मन प्रवासी. तो १६३८ मध्यें सुरतेस आला होता. तेथील इंग्रजांत ‘पालेपुंट्स’ नांवाचें पेय चालत असे व तें मद्यार्क, गुलाबपाणी, लिंबाचा रस आणि साखर यांचें असे, असें त्याच्या नांवावर प्रसिद्ध असलेल्या प्रवासवृत्तांत सांगितलें आहे. ‘पालेपुंट्स’ हा ‘बोल ऑफ पंच’, म्हणजे पंचाचा वाडगा, या इंग्रजी शब्दसमूहाचा अपभ्रंश होय. मान्डेल्स्लो १६४४ मध्यें वारला. त्याचा वृत्तांत ओलेआरिउस यानें संपादून १६५८ मध्यें विस्तारानें प्रसिद्ध केला, आणि पुढें फ्रेंच व इंग्रजी अनुवादांत आणखी मजकूर वाढला. पोथ्यांचा व्यवहार करणारांस सांगावयास नकोच कीं, अशा ग्रंथांतील वाक्याची मिति प्रवासाची न धरितां ग्रंथाची धरणें हेंच सावधपणाचें असतें.

तिसरा साक्षीदार बर्निए हा फ्रेंच वैद्य. औरंगजेबाच्या कारकीर्दीच्या आरंभीं तो हिंदुस्थानांत होता. बंगालचें वर्णन करितांना त्यानें ‘बूलपोंज’ नांवाच्या पेयाचा निर्देश केला आहे. काळ्या गुळसाखरेपासून काढलेला अर्क, लिंबाचा रस, पाणी आणि वरून किसलेलें थोडें जायफळ, अशी त्याची कृति तो देतो. जिभेला हें पेय गोड लागत असलें तरी शरीराचा नाश करणारें आहे, असा त्याचा अभिप्राय आहे.

चवथा आणि या वादांत सर्वांत महत्त्वाचा साक्षीदार डॉक्टर जॉन फ्रायर. हा कंपनीचा शस्त्रवैद्य १६७२ मध्यें इकडे येण्यास निघाला व मुंबई, सुरत, जुन्नर, कारवार इत्यादि ठिकाणीं फिरून १६८२ मध्यें स्वदेशीं परतला. त्याचें पुस्तक १६९८ मध्यें लंडन येथें छापलें. गोव्याच्या बाजूस नेरूल येथें उत्तम अराक होते व तिच्यापासून या किनाऱ्यावरील इंग्रज ‘पांच’ नांवाचें अंग गाळविणारें पेय करितात, हा शब्द हिंदुस्थानी भाषेंत पांच या संख्येचा वाचक असून पांच द्रव्यांवरून तें नांव पडलें, असें त्यानें स्पष्ट म्हटलें आहे. वैद्य लोकहि औषधी योगांस द्रव्यसंख्येवरून नांवें देतात, असा दाखलाहि तो जोडतो. १८८६ मध्यें यूल व बर्नेल यांचा हॉब्सन-जॉब्सन कोश प्रसिद्ध झाला. त्यांत या व्युत्पत्तीचा पुरस्कार झाल्यानें ती सर्वतोमुखी झाली.

२. व्युत्पत्तीची परीक्षा

या व्युत्पत्तीवर तीन आक्षेप येतात.

पहिला कालाचा. फ्रायरचें स्पष्टीकरण शब्दाच्या पहिल्या उल्लेखानंतर ४० वर्षांनंतरचें आहे. शब्द रूढ झाल्यावर त्याला अर्थ चिकटविण्याची प्रवृत्ति सर्व देशांत असते. आपल्याकडील स्थलपुराणांतून गांवांच्या नांवांच्या ज्या व्युत्पत्ति दिलेल्या असतात त्या ज्यांनीं वाचल्या आहेत, त्यांस याचें नवल वाटणार नाहीं. शिवाय पहिला उल्लेख तेलुगू मुलखांतील वखारीशीं संबद्ध आहे, आणि तेलुगूंत पांचास ‘ऐदु’ म्हणतात. कंपनीचे लोक एका वखारींतून दुसरींत बदलून जात, म्हणून हा मुद्दा निर्णायक नव्हे. तथापि शब्द पश्चिम किनाऱ्यावरच जन्मला असें गृहीत धरण्यास तो अडथळा करितो.

दुसरा आक्षेप संख्येचा. मान्डेल्स्लोच्या वृत्तांतील द्रव्यें चार, बर्निएचींहि चार. आणि दोघांच्या याद्या जुळत नाहींत. एकाकडे गुलाबपाणी व साखर आहे, दुसऱ्याकडे जायफळ आहे व साखर वेगळी सांगितलेली नाहीं. फ्रायर पांच म्हणतो. पण पांचांचीं नांवें देत नाहीं. संख्या हेंच ज्याच्या नांवाचें मूळ, त्या पेयांत ती संख्या तरी पक्की असावयास पाहिजे होती.

तिसरा आक्षेप स्वराचा, आणि आमच्या मतें तोच सर्वांत बलवान आहे. मराठींत ‘पांच’, हिंदुस्थानींत ‘पाँच’, दोन्ही ठिकाणीं आकार दीर्घ आहे. ऱ्हस्व अकार संस्कृत ‘पञ्च’ व फारसी ‘पंज’ यांत मात्र आहे. फ्रायरनें शब्दाचें जें वर्णलेखन केलें आहे तें दीर्घ स्वराकडे झुकणारें आहे. म्हणजे ‘पाँच’ हा शब्द मनांत ठेवून त्यानें तें केलें असावें. उलट फ्रेंच कानानें ‘पोंज’ ऐकलें आणि जर्मन कानानें ‘पुंट्स’ ऐकलें. हे दोघेहि इंग्रजी वर्णलेखनाचे बांधलेले नव्हते. त्यांनीं ऐकलें तसें लिहिलें. इंग्रजींत त्या अक्षराचा उच्चार त्या शतकांत उकाराकडून अकाराकडे सरकत होता, असें त्या भाषेचे अभ्यासक सांगतात. तेव्हां इंग्रज लोक प्रथम जो शब्द उच्चारीत होते तो ‘पुंच’ सारखा होता, ‘पंच’ किंवा ‘पाँच’ सारखा नव्हता, असें मानणें प्राप्त होतें. पुढें उच्चार बदलल्यावर तो आपल्या ‘पंच’ शब्दाशीं आपोआप जुळला.

‘पंचन’ नांवाचें मद्याचें मोठें पिंप असतें, त्याच्या नांवाचा संक्षेप होऊन हा शब्द झाला, असें दुसरें मत आहे. स्वराच्या दृष्टीनें तें सोयीचें असलें तरी तेंहि अनुमानच होय. एवंच, नांवाचा वाद आज उपलब्ध असलेल्या पुराव्यानें मिटत नाहीं, आणि तो आपल्या बाजूनें मिटला असें म्हणण्याचा अधिकार आपणांस पोंचत नाहीं.

३. वाग्भटाचा ऋतुचर्याध्याय

आतां पेयाकडे वळूं. अष्टांगहृदयाच्या सूत्रस्थानांतील तिसरा अध्याय ऋतुचर्येचा आहे. वाग्भटाचा काल सामान्यतः इ. स. च्या ७ व्या शतकाच्या सुमाराचा धरितात. या ग्रंथाचा महाराष्ट्राशीं संबंध विशेष आहे. देवगिरीच्या यादवांचा प्रसिद्ध करणाधिप हेमाद्रि यानें त्यावर आयुर्वेदरसायन नांवाची टीका लिहिली. आणि अरुणदत्त व हेमाद्रि या दोघांच्या टीकांसह मूळ ग्रंथ मुंबईच्या निर्णयसागर छापखान्यानें प्रसिद्ध केला. त्याची हरिशास्त्री पराडकर यांनीं शोधलेली आवृत्ति १९३९ ची आहे.

या अध्यायांत आमच्या विषयाशीं संबद्ध अशीं तीन विधानें आहेत. वसंतऋतूंत मित्रांसह आसव, अरिष्ट, सीधु, द्राक्षाचें मार्द्वीक व मधूचें माधव हीं मद्यें प्यावीं, आणि तीं आंब्याच्या रसानें मिश्र केलेलीं असावींत, असें पहिलें. त्याच्याच पाठोपाठ आलें, असणासारख्या वृक्षाचा नार, मध व नागरमोथा यांनीं सिद्ध केलेलीं पाणीं सांगितलीं आहेत. म्हणजे फळाच्या रसानें मिश्र केलेलें मद्य आणि वनस्पतींचें पाणी, हीं दोन्ही एकाच प्रकरणांत शेजारीं शेजारीं आहेत.

दुसरें विधान ग्रीष्मांतील. ग्रीष्मांत मद्य पिऊं नये. प्यावयाचेंच तर अगदीं थोडें, अथवा पुष्कळ पाणी घालून प्यावें. एरव्हीं तें शोष, शैथिल्य, दाह व मोह उत्पन्न करितें, असा निर्बंध आहे. बर्निए या फरासी वैद्यानें वाग्भटानंतर हजार वर्षांनीं बंगालच्या उन्हांत पंच पिणारांविषयीं जें लिहिलें, तें याच्या अगदीं जवळ जातें.

तिसरें विधान पंचसाराचें. ग्रीष्मांत रसाला, रागखांडव किंवा पंचसार पानक घ्यावें. तें नव्या मातीच्या भांड्यांत ठेवून गार केलेलें, मोच व चोच यांच्या तुकड्यांनीं युक्त आणि आंबट मिळविलेलें असावें. तें मातीच्या शिंपल्याकृति पेल्यांनीं प्यावें. पाटलेच्या फुलांनीं वासित केलेलें कापूरयुक्त थंड पाणी प्यावें, असें वाग्भट सांगतो. फळांच्या फोडी तरंगणारें, आंबटगोड, सुवासिक व गार असें हें पेय डोळ्यांपुढें आणिलें म्हणजे आजच्या पंचाच्या वाडग्याची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं. फरक एवढाच कीं, यांत मद्य नाहीं.

४. पंचसाराचीं पांच द्रव्यें

टीकापरंपरेंत पंचसाराचीं द्रव्यें द्राक्ष, मधूक, खर्जूर, काश्मर्य आणि परूषक अशीं दिलीं आहेत. आपल्या भाषेंत द्राक्षें किंवा मनुका, मोह, खजूर, शिवणीचीं फळें आणि फालसे. हीं समभाग घेऊन, गाळून, गार करून कापरानें वासित करावयाचीं. आणि गुण दाह व तृष्णा यांचें निवारण. चरक व सुश्रुत यांच्या परंपरेंत पंचसार याच नांवाचा दूध, तूप, मध, पिंपळी व साखर यांचा जो निराळा योग येतो, त्याच्याशीं याचा घोटाळा करूं नये. विषमज्वरावरील तें औषध होय. हें पेय होय.

या पांच द्रव्यांविषयीं एक गोष्ट आम्हांस लक्षांत घेण्याजोगी वाटते. चरकसंहितेच्या सूत्रस्थानांतील २५ व्या अध्यायांत आसवयोनींची गणना आहे. धान्यें ६, फळें २६, मुळें ११, सार २०, फुलें १०, कांडें ४, पानें २, साली ४ आणि शर्करा १, मिळून ८४. यांपैकीं फळांच्या यादींत मृद्वीका, खर्जूर, काश्मर्य व परूषक हीं चारहि आहेत, आणि पांचवें मधूक फुलांच्या यादींत आहे. म्हणजे पंचसाराचें एकूण एक द्रव्य चरकाच्या मतें मद्य होण्याजोगें आहे. तींच द्रव्यें त्याच दिवशीं कुसकरून प्यालीं तर पानक. भांड्यांत मुरत ठेविलीं तर आसव. मध्यें अंतर केवळ कालाचें.

हें अंतर प्राचीनांस चांगलें ठाऊक होतें, याचा दुसरा पुरावा पाली विनयांत आहे. महावग्गाच्या भेसज्जक्खंधकांत भिक्षूंस आठ पानें विहित केलीं आहेत: आंबा, जांभूळ, चोच, मोच, मधूक, मुद्दिका म्हणजे द्राक्ष, सालूक म्हणजे कमळकंद, आणि फारुसक म्हणजे फालसा. पंचसाराचीं तीन द्रव्यें येथेंच आलीं. त्याच ठिकाणीं सर्व फुलांच्या रसाची मोकळीक देऊन मोहाच्या फुलांचा रस तेवढा वगळला आहे. मधूकपान विहित, पण मधूकपुष्परस निषिद्ध, हा भेद वरवर पाहतां चमत्कारिक दिसतो. अर्थकथेंत बुद्धघोषानें मधूकपान पाणी मिसळलेलें असेल तरच चालतें, निव्वळ चालत नाहीं, असा खुलासा केला आहे. मोहाचें फूल किती लवकर आंबतें हें आपल्याकडे रानांतील कोणासहि माहीत आहे. निषेधाचें कारण तेंच असावें, असें आम्हांस वाटतें. वैद्याचा निर्बंध ‘पुष्कळ पाणी घाला’ असा, आणि भिक्षूच्या नियमाचा अर्थहि ‘पाणी घाला’ असाच निघावा, हा योग बोलका आहे.

उलट बाजूनें पाहतां, मद्याच्या अतिरेकानें झालेल्या विकारांवर चरकानें जो मंथ सांगितला आहे त्यांत खजूर, मनुका, वृक्षाम्ल, चिंच, डाळिंब, फालसे व आंवळे घातले आहेत. म्हणजे ज्या फळांचें मद्य होतें, त्यांतल्याच कांहींचें मद्याला उतार म्हणून पेयहि होतें.

राजसत्तेच्या दृष्टीनें हा सर्व व्यवहार कौटिल्याच्या सुराध्यक्षाच्या प्रकरणांत येतो. म्हैसूर येथें शामशास्त्री यांनीं १९०९ मध्यें अर्थशास्त्राची पोथी छापून प्रसिद्ध केली, तेव्हांपासून तें सर्वांस उपलब्ध आहे. त्यांत द्राक्षरसाच्या मद्यास ‘मधु’ अशी संज्ञा असून त्याचे कापिशायन व हारहूरक हे देशावरून पडलेले भेद सांगितले आहेत. आंब्याची सहकारसुरा सांगितली आहे. आणि आसवाला १०० पलें कवठ, ५०० पलें काकवी व १ प्रस्थ मध असें प्रमाण दिलें आहे. फळ व मद्य यांचा संयोग आपल्याकडे किती जुना आणि किती नियमबद्ध होता, हें यावरून कळून येईल.

५. मोच आणि चोच

वाग्भटाच्या पंचसारांतील मोच व चोच या शब्दांविषयीं थोडें लिहिणें अवश्य आहे. मोच म्हणजे केळें, याविषयीं वाद नाहीं. चोच शब्दाचे मात्र नारळ, फणस, ताडफळ, दालचिनीची साल इत्यादि अर्थ कोशांतून व भाषांतरांतून आढळतात. दालचिनीची साल येथें अर्थातच बसत नाहीं. नारळ कीं फणस, याविषयीं वाचकाचा गोंधळ होतो. आमच्या मतें येथें पाली परंपरेचें साह्य घ्यावें. महावग्गाच्या आठ पानांतहि हे दोन शब्द जोडीनेंच आले आहेत, आणि बुद्धघोषानें चोचपान म्हणजे बी असलेल्या केळ्यांचें व मोचपान म्हणजे बी नसलेल्या केळ्यांचें, असा अर्थ दिला आहे. रानकेळ्यांत बिया असतात, लागवडीच्या केळ्यांत नसतात. बुद्धघोष ५ व्या शतकांतला, म्हणजे वाग्भटाहून फार दूरचा नव्हे. दोन्ही ग्रंथांचा विषय पेय, आणि शब्दांची जोडी तीच. तेव्हां वाग्भटाच्या वाक्यांतहि दोन जातींचीं केळीं अभिप्रेत असणें संभवनीय आहे. अष्टांगहृदयाच्या ज्या पोथ्यांच्या समासांत देशी भाषेंतील टिपा असतील, त्यांत या शब्दावर काय लिहिलें आहे हें पाहण्यासारखें आहे.

६. करण्याची रीत

टीकाकारांनीं ‘समभाग’ एवढेंच सांगितलें. पाण्याचें माप दिलें नाहीं. शार्ङ्गधरसंहितेंत हिम नांवाच्या कल्पनेस १ पल द्रव्यास ६ पलें थंड पाणी, रात्रभर भिजवून सकाळीं गाळणें, असें प्रमाण आहे. तेंच येथें लावावें असें आम्हांस वाटतें. पल ४ तोळ्यांचें, म्हणजे सुमारें ४७ ग्रॅमचें. पांच द्रव्यें एक एक पल घेतल्यास पाणी ३० पलें, म्हणजे सुमारें १ लिटर ४०० मिलिलिटर होतें.

मनुका, बिया काढलेला खजूर, धुऊन निवडलेलीं वाळलीं मोहफुलें, पिकलेल्या शिवणीच्या फळांचा गर आणि फालसे हीं नव्या मातीच्या घागरींत पाण्यांत रात्रीं भिजत घालावीं. सकाळीं हातानें कुसकरून फडक्यांतून गाळावें. डाळिंबाचा रस किंवा आमसुलाचें पाणी घालून आंबट करावें, केळ्याच्या चकत्या सोडाव्या, आणि घागरीस ओलें फडकें गुंडाळून सावलींत ठेवावें. नवें मडकें पाझरतें व पाझरलेलें पाणी उडून जातांना आंतील उष्णता घेऊन जातें. वाग्भटानें ‘नवें’ असें विशेषण योजिलें त्याचें कारण हेंच. कापराविषयीं मात्र सावध राहावें. बाजारांत पूजेसाठीं मिळणारा कापूर पोटांत घेण्याजोगा नसतो. त्याऐवजीं वाळा किंवा गुलाबपाणी घालणें बरें. पेय त्याच दिवशीं संपवावें, नाहींतर वर सांगितल्याप्रमाणें पानकाचें आसव होऊं लागेल.

मोहाचीं फुलें फाल्गुन-चैत्रांत पडतात, फालसे व शिवणीचीं फळें वैशाखाच्या आगेंमागें पिकतात, आणि मनुका व खजूर वर्षभर टिकतात. म्हणजे हा योग उन्हाळ्यांत रानांत व बाजारांत जें मिळतें त्यावरूनच बसविलेला आहे.

ज्यांस वाग्भटाचा वसंतांतील प्रकार जाणावयाचा आहे, त्यांस ग्रंथांत एवढेंच मिळतें कीं, द्राक्षाचें मद्य आंब्याच्या रसानें मिश्र करावें. प्रमाण दिलेलें नाहीं. त्यालाच ग्रीष्माचा नियम लावून पुष्कळ पाणी घातलें, म्हणजे ज्याला आज उन्हाळ्यांतील मद्याचें पंच म्हणतात, तें शास्त्रोक्त रीतीनें सिद्ध होतें. तथापि ‘पिऊं नये’ हा त्या नियमाचा पहिला पर्याय आहे, हें विसरूं नये.

७. दोन्ही पेयांचा संबंध

आतां मूळ प्रश्न. पंचसारांतून पंच निघालें काय? पंचसारांत लिंबू नाहीं, साखर नाहीं, अर्क नाहीं. पंचांत मोह नाहीं, शिवण नाहीं, फालसा नाहीं. वाग्भटाच्या अध्यायापासून सुरतेच्या वखारीपर्यंत सुमारें हजार वर्षांचें अंतर आहे, आणि तें जोडणारा एकहि कागद पुढें आलेला नाहीं. दोन नांवांत ‘पंच’ ही अक्षरें येतात, एवढ्यावर वंशावळ मांडतां येत नाहीं. पंचामृत, पंचगव्य, पंचकोल, पंचवल्कल असे पांचांचे योग आपल्याकडे अगणित आहेत. त्यांपैकीं कोणताहि उचलून असाच दावा करितां येईल.

परंतु पंचसार सोडून सामान्य पानकाकडे पाहिलें तर चित्र पालटतें. १६ व्या शतकांतील भावमिश्रानें भावप्रकाशांत कैरीचें प्रपानक दिलें आहे: कैरी पाण्यांत शिजवून हातानें कुसकरावी, साखर व थंड पाणी मिळवावें, कापूर व मिरीं घालावीं. आपल्या घरोघरच्या पन्ह्याची ही कृति. भावमिश्र तिचा कर्ता भीमसेन म्हणून सांगतो. हिचीं अंगें चार: आंबट, गोड, थंड पाणी आणि सुगंधी किंवा तिखट द्रव्य. पंचाचीं अंगें पाहावीं. लिंबू आंबट, साखर गोड, पाणी, आणि गुलाबपाणी किंवा जायफळ. चारहि तींच, वर अर्क अधिक. असें मोजल्यास पांच भरतात हें खरें, पण ही मोजणी आमची आहे, फ्रायरची नव्हे, म्हणून तिच्यावर व्युत्पत्तीचा भार टाकणें योग्य नाहीं.

पंचाचे आरंभींचे उल्लेख सर्व पूर्वेकडील वखारींतले आहेत. त्यांतील द्रव्यें त्या वखारींच्या दाराशीं मिळणारीं आहेत. विलायतेहून आणलेली बिअर व द्राक्षमद्य लांबच्या उष्ण प्रवासांत बिघडे. येथें मिळणारा माडीचा किंवा गुळाचा अर्क स्वस्त पण जहाल. आणि बाजारांत व घरांत पानक किंवा सरबत करण्याची रीत सर्वत्र चालू. जहाल अर्क सरबतांत घालून पिण्याजोगा करणें हें तहानलेल्या खलाशास सुचण्यास पांडित्य लागत नाहीं. म्हणून आमचें मत असें कीं, पेयाची घडण एतद्देशीय पानकाची आहे. नांवाची व्युत्पत्ति अनिश्चित आहे. आणि पंचसाराशीं वंशसंबंध असिद्ध आहे. हीं तीन विधानें वेगवेगळीं ठेवावीं. पहिलें खरें म्हणून दुसरें व तिसरें खरें, असें होत नाहीं.

८. काय शोधावें

फ्रायर या किनाऱ्यावर हिंडत होता, त्याच सुमारास तंजावरास दीपाबाईच्या आश्रयास असलेला रघुनाथ नवहस्त हा महाराष्ट्रीय पंडित अन्नपानाविषयीं भोजनकुतूहल नांवाचा ग्रंथ रचीत होता. प. कृ. गोडे यांनीं या ग्रंथकाराचा काल व चरित्र यांवर प्रकाश पाडला, आणि ग्रंथाचा पहिला भाग १९५६ मध्यें त्रिवेंद्रम येथून छापला गेला. ज्या दशकांत पंच या किनाऱ्यावर रुळत होतें, त्याच दशकांतील महाराष्ट्रीयांच्या पानकांची माहिती अशा ग्रंथांतून मिळवितां येईल. राजदप्तरांच्या बाजूनें, अठरा कारखान्यांच्या याद्यांत शरबतखाना व अबदारखाना हे दोन कारखाने येतात. त्यांच्या खर्चाच्या कागदांत लिंबें, साखर, गुलाबपाणी व वाळा यांच्या नोंदी मिळण्याचा संभव आहे. याद्यांतील दारूखाना मात्र बंदुकीच्या दारूचा आहे. आमच्या विषयाशीं त्याचा संबंध नाहीं, हें नवीन अभ्यासकांनीं ध्यानांत ठेवावें.

ज्यांच्या घरीं वैद्यकाचीं बाडें आहेत, त्यांचेकडे आमची एक विनंती आहे. अशा बाडांच्या शेवटीं सुट्या पानांवर पन्हें, सरबत, आसव यांच्या कृति लिहिलेल्या असतात. मुख्य ग्रंथाची नक्कल करणारे व सूची करणारे तीं पानें ‘किरकोळ’ म्हणून सोडून देतात, आणि पुष्कळदां तींच आधीं गहाळ होतात. त्यांची नोंद घ्यावी. अक्षरवळण, कागद आणि शक असल्यास शक टिपून ठेवावा. फ्रायरच्या पूर्वींच्या एकाद्या मितीच्या कागदांत ‘पंच’ हा शब्द पेयवाचक म्हणून मिळाला, तर स्वराविषयींचा आमचा आक्षेप मागें घ्यावा लागेल, आणि तो आम्ही आनंदानें मागें घेऊं. तोंपर्यंत वाग्भटाचें पंचसार वाग्भटाकडे आणि वखारीचें पंच वखारीकडे ठेवणें, हेंच इतिहासास धरून होईल.